वाडीतला खांदा आणि दुर्बिणीची शस्त्रक्रिया

दंडाच्या हाडाचा गोल माथा आणि त्याच्यावर छपरासारखा पुढे आलेला खवाट्याच्या हाडाचा चपटा भाग, या दोहोंमध्ये सुमारे एक सेंटिमीटरची फट असते. वरच्या चपट्या भागाला ॲक्रोमियन म्हणतात. या फटीतून सुप्रास्पायनेटस नावाच्या स्नायूची कंडरा जाते. ती आणि शेजारच्या तीन कंडरा मिळून दंडाच्या माथ्याभोवती जे आवरण तयार होते, तो रोटेटर कफ. कंडरा आणि वरचे हाड यांच्यामध्ये बुळबुळीत द्रवाची पातळ पिशवी असते, ती बर्सा. हात बाजूने वर जाऊ लागला की फट आणखी अरुंद होते. निरोगी खांद्यात रोटेटर कफ दंडाचा माथा खोबणीत घट्ट धरून ठेवतो, त्यामुळे हात डोक्यावर नेला तरी काही जाणवत नाही. कंडरा थकली, सुजली किंवा झिजली की तोच हात एका ठरावीक उंचीवर आल्याबरोबर कळ येते. कंडरा हाडाखाली चिमटली जाते अशा समजुतीने या दुखण्याला गेली पन्नासएक वर्षे ‘इम्पिंजमेंट’ म्हटले जाते.

दुखण्याची ओळख पटवणे फारसे अवघड नाही. हात बाजूने उचलताना साधारण ६० ते १२० अंशांच्या टप्प्यात दुखते, त्याच्या खाली आणि वर त्रास कमी असतो. कळ खांद्याच्या माथ्यापेक्षा दंडाच्या बाहेरच्या बाजूला जास्त जाणवते, म्हणून रुग्ण बोट दंडावर ठेवतो आणि दुखणे खांद्यात नाहीच असे समजतो. रात्री त्या कुशीवर झोपता येत नाही. सदरा अंगात घालणे, फळीवरचा डबा काढणे, वलणीवर कपडे टाकणे अशी कामे नकोशी होतात.

केळशीसारख्या गावात या दुखण्याला कामाचे वेळापत्रक असते. दापोली तालुक्याच्या उत्तर टोकाला, भारजा नदीच्या मुखाशी वसलेल्या या गावाचे जगणे नारळ-सुपारीच्या वाड्या, हापूसच्या बागा, थोडे भात आणि खाडी-समुद्रातली मासेमारी यांवर चालते. यांतले निम्मे काम डोक्याच्या वर हात धरून करायचे. दिवाळीनंतर पालवी आणि मोहोर सांभाळण्यासाठी फवारणी सुरू होते. पंपाची नळी आणि गन झाडाच्या शेंड्याकडे रोखून माणूस तासन् तास उभा असतो. मार्चपासून मेअखेरपर्यंत आंबे उतरवायचे. लांब काठीला जाळी आणि पाते लावलेला झेला, काही ठिकाणी त्यालाच घळ म्हणतात, वर धरून देठासकट फळ काढायचे आणि काठी हळूच खाली आणायची. फळांनी भरलेली जाळी काठीच्या टोकाशी असते आणि काठी धरणारे हात खांद्याच्या वर, म्हणजे थोडेसे वजनसुद्धा खांद्याला कितीतरी पटींनी सोसावे लागते. त्यातच पावसाआधी कौले परतायची, पन्हळी बसवायच्या. सुपारीवर चढणाऱ्याचे काम तर याहून कठीण, कारण त्याच्या अंगाचा निम्मा भार हातांवर असतो. ३ जून २०२० च्या निसर्ग चक्रीवादळाने दापोली-मंडणगडच्या किनाऱ्यावर घरांची छपरे उडवली आणि सुपारीच्या वाड्या आडव्या केल्या. त्यानंतरचे कित्येक महिने कुऱ्हाड, करवत आणि छप्परकाम यांतच गेले.

अशा कामात पंचेचाळिशी-पन्नाशीच्या आसपास एक खांदा बोलू लागतो. सुरुवातीला शेक, तेल चोळणे, बाम आणि दुकानातली वेदनाशामक गोळी असते. हंगाम सोडून कुणी डॉक्टरकडे जात नाही, कारण आंबा थांबत नाही. जाईपर्यंत तीन-चार महिने उलटलेले असतात. मग दापोलीला क्ष-किरण फोटो निघतो, आणि मुंबईला नोकरी करणारा मुलगा किंवा भाऊ म्हणतो, इकडे या, नीट दाखवू. मुंबईत एमआरआय होतो. अहवालात कंडरेची झीज, बर्साला सूज, ॲक्रोमियनला आकडीसारखा बाक, कधी अर्धवट फाटलेली कंडरा असे सगळे लिहून येते. घरी त्याचा अर्थ एका वाक्यात पोहोचतो: हाड वाढलंय, ते घासतंय, दुर्बिणीतून तासून घ्यावं लागेल.

हे स्पष्टीकरण पटायला फार सोपे आहे. हाड वाढले, ते घासते, घासते म्हणून दुखते, तासले की थांबेल. सुतारकाम जाणणाऱ्या कुणालाही यात खोट दिसणार नाही. अडचण एवढीच की खांदा तसा वागत नाही.

या विचाराचे मूळ १९७२ मध्ये आहे. न्यूयॉर्कचे शल्यविशारद चार्ल्स नीअर यांनी त्या वर्षी अमेरिकेतल्या अस्थिशल्यक्रियेच्या प्रमुख नियतकालिकात एक निबंध लिहिला. त्यांनी शंभर मृत माणसांच्या खवाट्यांची पाहणी केली होती आणि त्यांपैकी अकरांमध्ये ॲक्रोमियनच्या पुढच्या कडेखाली हाडाचा उंचवटा सापडला होता. कंडरा नेमकी तिथेच झिजते, म्हणून पुढची कड आणि तिच्या खालचा भाग छाटावा, असे त्यांनी सुचवले. पुढे १९८३ मध्ये त्यांनी या विकाराच्या तीन पायऱ्या मांडल्या: तरुणपणी सूज, मध्यम वयात जाडपणा, चाळिशीनंतर हाडाची वाढ आणि कंडरेचे फाटणे. रोटेटर कफच्या जवळजवळ सगळ्याच फाटण्यांचे कारण हे घासणेच आहे, असे त्यांचे मत होते. १९८६ मध्ये लुईस बिग्लियानी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ॲक्रोमियनचे सपाट, वक्र आणि आकडीसारखा असे तीन आकार वर्णन केले. एमआरआयच्या अहवालात आजही जो ‘टाइप टू’ किंवा ‘टाइप थ्री’ असा शेरा येतो, तो तिथूनच आलेला आहे. नीअर यांच्या बाजूने एक गोष्ट सांगायला हवी. शस्त्रक्रियेआधी कित्येक महिने इतर उपचार करून पाहावेत, अशी अट त्यांनी स्वतःच घातली होती. त्यांची शस्त्रक्रिया जगभर गेली, ही अट मात्र सगळीकडे पोहोचली नाही.

नीअर यांची पद्धत खांदा उघडून करायची होती. सांध्यात दुर्बीण घालण्याची विद्या जपानमध्ये वाढली. केंजी ताकागी यांनी १९१८ मध्ये मृत माणसाच्या गुडघ्यात मूत्राशयाची दुर्बीण घालून पाहिली आणि दुसऱ्या महायुद्धानंतर मासाकी वातानाबे यांनी ती उपचारासाठी वापरण्याजोगी केली. खांद्यातली फट दुर्बिणीतून मोकळी करण्याची पद्धत अमेरिकेचे हार्वर्ड एलमन यांनी १९८० च्या दशकात रूढ केली.

आज ही शस्त्रक्रिया साधारण अर्ध्या-पाऊण तासाची आहे. मानेच्या बाजूला इंजेक्शन देऊन हात बधिर करतात आणि बहुतेक वेळा सोबत पूर्ण भूलही देतात. रुग्णाला अर्धवट बसवून किंवा कुशीवर झोपवून खांद्याला एक सेंटिमीटरहून लहान अशा दोन-तीन चिरा देतात. एकीतून पेन्सिलएवढी दुर्बीण आत जाते आणि मिठाच्या पाण्याचा दाब देऊन जागा फुगवतात. दुसऱ्या चिरेतून अवजारे जातात. आधी सांधा आणि रोटेटर कफ नीट तपासतात, मग सुजलेली बर्सा काढतात, ॲक्रोमियनच्या पुढच्या कडेला बांधलेला अस्थिबंध सोडवतात आणि फिरत्या कानशीने हाडाची खालची बाजू काही मिलिमीटर तासून सपाट करतात. टाके दोन-तीन. रुग्ण त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी घरी. हात काही दिवस झोळीत, हलकी कामे दोन-तीन आठवड्यांनी, आणि डोक्यावर हात धरून करायचे जड काम साधारण तीन महिन्यांनी. तांत्रिकदृष्ट्या हे काम सुबक आहे, आणि कुशल हातांनी केले तर धोकाही कमी आहे. तिच्या लोकप्रियतेचे हे एक कारण. एकट्या इंग्लंडमध्ये २००० साली अशा सुमारे अडीच हजार शस्त्रक्रिया झाल्या होत्या; २०१० साली हा आकडा एकवीस हजारांवर गेला.

दुसरे कारण म्हणजे रुग्ण बरे होत होते. शस्त्रक्रियेनंतर सहा महिन्यांनी दहापैकी सात-आठजण समाधानी दिसत असतील, तर ते पाहणाऱ्या शल्यविशारदाने तिच्यावर का विश्वास ठेवू नये? इथे केळशीच्या वाडीतले वेळापत्रक पुन्हा पाहण्याजोगे आहे. समजा, आंबे उतरवणाऱ्या एखाद्या माणसाने मेअखेर हंगाम संपवला आणि जूनमध्ये मुंबईला जाऊन खांदा तासून घेतला. खांद्याच्या वरचे काम त्याच आठवड्यात संपलेले आहे. भातलावणीत पाठ वाकते, हात वर जात नाहीत. त्यातून ऑपरेशन झालेल्या माणसाला घरचे लावणीलाही जाऊ देत नाहीत. झोळी निघाल्यावर व्यायाम सुरू होतात, आणि ते मनापासून होतात, कारण एवढा खर्च झालेला असतो. गणपतीपर्यंत खांदा पुष्कळ सुधारतो. सुधारणा खरी, तिच्याबद्दल वाद नाही. पण ती तासलेल्या हाडाची, की तीन महिन्यांच्या विश्रांतीची, की व्यायामाची, की मुळात दुखणे सर्वांत टोकाला असतानाच माणूस शस्त्रक्रियेला गेला आणि त्यानंतर ते आपोआप उतरणारच होते याची? त्या माणसाला हे कळण्याचा मार्ग नाही, आणि त्याच्या डॉक्टरालाही नाही. शेजारच्या वाडीतल्या ज्याने काहीच केले नाही, तोही गणपतीत आरतीला टाळ वाजवत असतो. त्याची नोंद मात्र कुणी ठेवत नाही.

ही नोंद ठेवायची तर चिठ्ठ्या टाकून गट पाडावे लागतात, आणि एका गटाला खोटी शस्त्रक्रिया द्यावी लागते. ऐकायला हे क्रूर वाटते. रुग्णांची पूर्ण संमती घेऊन ब्रिटन आणि फिनलंडमध्ये ते केले गेले.

ब्रिटनमधला प्रयोग ऑक्सफर्डच्या डेव्हिड बेअर्ड, अँड्रू कार आणि सहकाऱ्यांनी ३२ रुग्णालयांत केला. त्याचा अहवाल ‘लॅन्सेट’ने नोव्हेंबर २०१७ मध्ये ऑनलाइन प्रसिद्ध केला. निदान तीन महिने दुखणारे, व्यायाम आणि किमान एक स्टेरॉइडचे इंजेक्शन घेऊनही बरे न झालेले ३१३ रुग्ण त्यात होते. एका गटात हाड तासले. दुसऱ्या गटात चिरा दिल्या, दुर्बीण घातली, आत पाहिले आणि काहीही न कापता बाहेर आले. आपण यांपैकी कोणत्या गटात आहोत हे रुग्णांना सांगितले नव्हते. तिसऱ्या गटावर कोणताच उपचार केला नाही, फक्त पुन्हा तपासणीला बोलावले. खांद्याची स्थिती शून्य ते ४८ अशा गुणांत मोजली. ४८ म्हणजे उत्तम. सहा महिन्यांनी हाड तासलेल्यांचे सरासरी गुण ३२.७, नुसती दुर्बीण घातलेल्यांचे ३४.२, आणि काहीच न केलेल्यांचे २९.४ भरले. तिन्ही गट सुधारले. हाड तासणे आणि न तासणे यांत फरक निघाला नाही. शस्त्रक्रिया झालेले दोन्ही गट बिनउपचाराच्या गटापेक्षा थोडे पुढे होते, पण तो फरक रुग्णाला रोजच्या जगण्यात जाणवेल एवढा नव्हता, आणि त्यातला काही भाग ऑपरेशन झाले या भावनेचा व त्यानंतरच्या फिजिओथेरपीचा असणे शक्य आहे.

फिनलंडच्या प्रयोगाचे निष्कर्ष २०१८ मध्ये ‘बीएमजे’त आले. तीन सरकारी रुग्णालयांतले ३५ ते ६५ वयाचे २१० रुग्ण, आणि गट तीन: हाड तासणे, नुसती दुर्बीण, देखरेखीखालचे व्यायाम. दोन वर्षांनी तिन्ही गटांतले दुखणे खूप उतरलेले होते. शंभर गुणांच्या मोजपट्टीवर हाड तासलेले आणि नुसती दुर्बीण घातलेले यांच्यात हात वापरतानाच्या वेदनेत नऊ गुणांचे अंतर होते. रुग्णाला फरक कळायला संशोधकांनी आधीच पंधरा गुणांची मर्यादा ठरवलेली होती. व्यायामाच्या गटापेक्षा शस्त्रक्रियेचा गट किंचित पुढे होता, पण तेही अंतर पंधराच्या आतच राहिले. आणि या तुलनेत रुग्णाला आपल्यावर काय उपचार झाला ते ठाऊक होते, हे विसरून चालत नाही.

शल्यविशारदांनी आक्षेप घेतले आणि त्यांतले काही वजनदार आहेत. ब्रिटनच्या प्रयोगात चिठ्ठी निघूनही बऱ्याच रुग्णांना ठरलेला उपचार सहा महिन्यांत मिळालाच नव्हता, कारण रांगा लांब होत्या. रुग्ण निवडताना नेमके हाडाचा उंचवटा असलेलेच घेतले असते तर चित्र वेगळे दिसले असते, असेही म्हटले गेले. पण ठरलेला उपचार मिळालेल्यांचाच वेगळा हिशेब मांडला तेव्हाही निष्कर्ष बदलला नाही. २०१९ मध्ये कॉक्रेन संस्थेच्या समीक्षेने आठ प्रयोगांतल्या १,०६२ रुग्णांची माहिती तपासली. एका वर्षाने वेदना शून्य ते दहाच्या मोजपट्टीवर खोट्या शस्त्रक्रियेच्या गटात २.९ होती आणि खऱ्या शस्त्रक्रियेच्या गटात तिच्याहून जेमतेम पाव गुणाने कमी. त्याच वर्षी ‘बीएमजे’ने नेमलेल्या, रुग्णांचाही समावेश असलेल्या तज्ज्ञगटाने अशा दुखण्यासाठी ही शस्त्रक्रिया करू नये, अशी ठाम शिफारस केली. इंग्लंडच्या सरकारी आरोग्यसेवेने सरसकट न करायच्या उपचारांच्या यादीत ती टाकली. ‘इम्पिंजमेंट’ हे नावही अनेक तज्ज्ञांनी सोडले आणि ‘ॲक्रोमियनखालचे दुखणे’ असे सावध नाव घेतले, कारण हाड घासल्यामुळेच दुखते हे सिद्ध झालेले नाही.

एमआरआयच्या अहवालाचे वजनही याच हिशेबाने मोजावे लागते. अमेरिकेत १९९५ मध्ये खांद्याची कसलीही तक्रार नसलेल्या ९६ जणांचे एमआरआय काढले. साठीपुढच्यांपैकी निम्म्याहून जास्त लोकांच्या कंडरा अर्धवट किंवा पूर्ण फाटलेल्या निघाल्या, आणि त्यांना त्याचा पत्ताही नव्हता. चाळीस ते सत्तर वयाच्या ५१ पुरुषांच्या न दुखणाऱ्या खांद्यांची सोनोग्राफी २०११ मध्ये प्रसिद्ध झाली. ९६ टक्क्यांत काही ना काही बिघाड होता. वयाबरोबर केस पांढरे होतात तशी कंडराही पिकते. म्हणून अहवालावर उपचार करू नये, माणसावर करावा, हे जुने वैद्यकीय वचन खांद्याला विशेष लागू पडते.

उपचार ठरवण्याआधी निदान मात्र पक्के हवे, कारण खांदेदुखीची सोंगे अनेक आहेत. कोकणात सर्वांत जास्त गल्लत खांदा आखडण्याशी, म्हणजे फ्रोझन शोल्डरशी होते. इम्पिंजमेंटमध्ये रुग्णाला स्वतः हात वर नेताना दुखते, पण दुसऱ्याने धरून नेला तर तो बराच जातो. आखडलेल्या खांद्यात तो दुसऱ्यानेही जात नाही. कोपर कमरेला टेकवून पंजा बाहेर वळवायला सांगितले तर तिथेच अडतो. हे दुखणे मधुमेहींना जास्त होते, आणि २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आयसीएमआरच्या पाहणीनुसार भारतात मधुमेहाचे १० कोटींहून अधिक रुग्ण आहेत. तेव्हा आखडलेल्या खांद्याबरोबर रक्तातली साखर तपासणे हे एमआरआयपेक्षा स्वस्त आणि जास्त उपयोगाचे. मानेतून निघालेली नस दबली तरी खांदा दुखतो, पण तेव्हा कळ कोपराखाली, बोटांपर्यंत उतरते आणि मान वळवली की वाढते. डाव्या खांद्याबरोबर छातीत दाटून येणे, घाम, धाप असेल तर ते खांद्याचे दुखणे समजून चोळत बसू नये. ते हृदयाचे असू शकते.

मग शस्त्रक्रियेऐवजी काय? इथे ब्रिटनच्याच आणखी एका प्रयोगाचा निकाल केळशीसारख्या गावाला फार सोयीचा आहे. २०२१ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये आलेल्या या प्रयोगात ७०८ रुग्ण होते. काहींना फिजिओथेरपिस्टने सोळा आठवड्यांत सहापर्यंत बैठका घेऊन वाढत्या ताकदीचे व्यायाम शिकवले. काहींना फक्त एकदाच, सुमारे तासभर, नीट समजावून घरी करायचे व्यायाम आणि पुस्तिका दिली. वर्षभराने दोन्ही गटांत फरक नव्हता. दापोलीला दर आठवड्याला फेऱ्या मारणे वाडीतल्या माणसाला परवडत नाही, एसटीच्या वेळा सांभाळून तर नाहीच. पण एकदा जाऊन नीट शिकून येणे जमते, आणि तेवढे पुरते.

व्यायाम साधे आहेत, फक्त ते चिकाटीने करावे लागतात. पहिला टप्पा खवाट्याचा: दोन्ही खवाटे मागे आणि किंचित खाली ओढून काही सेकंद धरणे. दुसरा टप्पा रोटेटर कफचा: कोपर अंगाला चिकटवून, काखेत दुमडलेला पंचा धरून, खिडकीच्या गजाला बांधलेला रबरी पट्टा बाहेरच्या बाजूला ओढणे, मग उलट फिरून आतल्या बाजूला. पट्टा नसेल तर सायकलच्या जुन्या ट्यूबची पट्टी चालते. तिसऱ्या टप्प्यात भिंतीवर बोटांनी चढत हात वर नेणे आणि हळूहळू पाण्याची बाटली हातात घेऊन तो उचलणे. व्यायाम करताना थोडे दुखणे चालते. दुसऱ्या दिवशी सकाळपर्यंत रेंगाळणारे दुखणे म्हणजे भार जास्त झाला. फरक पडायला सहा आठवडे लागतात, पूर्ण परिणामाला बारा. दोन आठवड्यांत सोडून दिलेले व्यायाम न केल्यासारखेच, आणि ‘फिजिओ करून झाली, काही उपयोग नाही’ असे सांगणाऱ्यांपैकी बरेचजण याच गटातले असतात. त्यांना प्रत्यक्षात विजेचा शेक आणि यंत्राची गुदगुली मिळालेली असते, व्यायाम नाही.

स्टेरॉइडच्या इंजेक्शनने काही आठवडे आराम पडतो. रात्रीची झोपच उडालेल्या माणसाला व्यायाम सुरू करता यावा म्हणून ते एखादे घेणे रास्त आहे. मधुमेही रुग्णाची साखर त्यानंतर काही दिवस चढते, हे आधी सांगायला हवे. इंजेक्शनावर इंजेक्शन घेत हंगाम रेटणे मात्र कंडरेला महागात पडते.

कामाची पद्धत बदलणे हा उपचाराचाच भाग आहे, आणि त्याबद्दल दवाखान्यात सर्वांत कमी बोलले जाते. दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाने विकसित केलेला नूतन झेला देठासह फळ काढण्यासाठी प्रसिद्ध आहे. खांद्याच्या दृष्टीने काठीची लांबी आणि वजन हा मुद्दा तितकाच मोलाचा. उंच झाडाखाली उभे राहून लांब काठी पेलण्यापेक्षा शिडीवर किंवा फांदीवर बसून आखूड काठी वापरली तर कोपर खांद्याच्या खाली राहते, पण पडण्याचा धोका वाढतो, म्हणून शिडी बांधून घ्यावी लागते. जाळी निम्मी भरली की उतरवावी. काठीवर एक आणि वेचणीवर एक अशा दोघांनी तासा-तासाने जागा बदलावी. जुनी, आकाशाला भिडलेली कलमे छाटून बुटकी ठेवण्याची शिफारस उत्पन्नासाठी केली जाते, ती खांद्यासाठीही तेवढीच चांगली. बागेच्या मालकाला हे सांगणे गड्यापेक्षा डॉक्टरने सांगितले तर जास्त ऐकले जाते, हा व्यवहार आहे.

शस्त्रक्रियेचे धोके थोडे असले तरी शून्य नाहीत. हजारात दहा-बारा जणांचा खांदा नंतर आखडतो. क्वचित जंतुसंसर्ग होतो, भुलीचे त्रास होतात. केळशीच्या माणसासाठी त्यात मुंबईची वारी, सोबत येणाऱ्याचा बुडालेला रोज, नातेवाइकाच्या दोन खोल्यांत काढलेले दिवस आणि नंतरच्या तपासणीच्या फेऱ्या धरायच्या. हाड न तासताही तेवढेच बरे वाटणार असेल तर हा सगळा खर्च कशासाठी, हा प्रश्न रोख पैसे भरणाऱ्याने विचारायचा, तसाच योजनेतून किंवा विम्यातून शस्त्रक्रिया होणाऱ्यानेही.

याचा अर्थ खांद्यात दुर्बीण कधीच घालू नये असा नाही. वर सांगितलेले सगळे प्रयोग झिजेच्या, हळूहळू आलेल्या दुखण्यावरचे आहेत. सुपारीवरून किंवा शिडीवरून पडल्यावर, होडीतून उतरताना हिसका बसल्यावर जर हात अचानक वरच उचलेनासा झाला, तर रोटेटर कफ पूर्ण फाटलेला असू शकतो. अशा वेळी वाट पाहणे चूक ठरते. फाटलेली कंडरा महिन्यांगणिक मागे सरकते, तिचा स्नायू चरबीने भरतो आणि मग शिवणे जमत नाही. काही आठवड्यांच्या आत सोनोग्राफी किंवा एमआरआय करून दुर्बिणीतून ती शिवण्याचा निर्णय घ्यावा लागतो. निखळणारा खांदा, कंडरेत साचलेला चुन्याचा खडा जो इतर उपायांनी विरघळत नाही, सांध्यात पू होणे, यांतही दुर्बीण खरोखर कामाची आहे. विद्या तीच आणि हातही तेच. वाद आहे तो फक्त हाड तासण्याबद्दल.

म्हणून ‘हाड वाढलंय’ असे ऐकून मुंबईची तारीख घेण्याआधी डॉक्टरला तीन गोष्टी विचाराव्यात: कंडरा पूर्ण फाटली आहे का, ती पडल्यामुळे फाटली की वयाने, आणि शस्त्रक्रिया न करता बारा आठवडे व्यायाम केला तर काय बिघडेल. पूर्ण फाटलेली नसेल, आणि तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर ‘फारसे काही नाही’ असे आले, तर गणपती आटोपल्यावर व्यायामाला लागावे. फवारणीची गन खांद्याच्या वर धरायची वेळ येईपर्यंत बारा आठवड्यांपैकी बरेचसे पदरात पडलेले असतात.